आणून देणाऱ्यास योग्य मोबदला

१

सकाळचा क्रम ठरलेला होता. अजितला कुशीवर वळवायचं, पाठ पुसायची, नाचणीची आंबील भरवायची, डाव्या हाताशी घंटी ठेवायची, आणि मग कागदांची पिशवी खांद्याला अडकवून तीन मजले उतरायचे. आमच्या इमारतीला लिफ्ट नाही. घर घेतलं तेव्हा आम्ही तरुण होतो आणि लिफ्ट ही आळशी लोकांची चैन आहे असं अजितचं ठाम मत होतं.

अर्धांगाचा झटका आल्यापासून तो खाली उतरला नव्हता. दवाखान्यात न्यायला चार माणसं लावून स्ट्रेचरवरून नेला, त्याला मी उतरणं म्हणत नाही. उजवी बाजू गेली आणि तिच्याबरोबर बोलणंही गेलं. मोजके शब्द उरले, त्यातला एक 'खाली'. आमच्या खिडकीतून कोपऱ्यावरची शहाळ्याची गाडी दिसते. गाडीशेजारी होंगेचं, म्हणजे आपल्या करंजाचं, झाड आहे आणि झाडाला कट्टा. तिकडे डावा हात करून तो म्हणायचा, "शुभा, खाली." दिवसातून कितीतरी वेळा. सुरुवातीला मला रडू यायचं. पुढे पुढे मी "हो, जाऊ हं" म्हणून भांडी घासायला लागायचे. सरावले होते मी, आणि सरावल्याची लाजही वाटेनाशी झाली होती.

म्हणून जागा विकायची होती. सर्जापूर रोडच्या आतल्या बाजूला अजितच्या नावावर एक रिकामा प्लॉट होता. इथे त्याला सगळे साइट म्हणतात. ती विकायची आणि बोम्मसंद्र्याकडे तळमजल्यावरचं एक छोटं घर बघून ठेवलं होतं, ते घ्यायचं. त्या घराला पायरी नव्हती. चाकांची खुर्ची ढकलली की थेट अंगणात. मालक सज्जन होते, पण सज्जन माणूस तरी किती थांबणार? साइटला गिऱ्हाईकही चांगलं मिळालं. वेदांत आणि निधी, नागपूरचं जोडपं, दोघं आयटीत, बेळ्ळंदूरला भाड्याने राहणारे. सगळं जुळलं, चहा झाला, आणि निधीने सहज विचारलं, "काकू, ओरिजिनल सेल डीड कधी बघायला मिळेल? लोनसाठी बँकेला लागणार आहे."

मी उठून कपाट उघडलं. खरेदीखत तिथे नव्हतं.

२

दोन आठवडे मी घर उलटंपालटं केलं. शेवटी हणमंतरावांना बोलावलं. हे कागदपत्रांची कामं करून देणारे गृहस्थ, आमच्या सासरच्यांसारखेच इथले जुने मराठी. या लोकांचं वाक्य मराठीत सुरू होतं आणि कधी कन्नडात शिरतं ते त्यांनाही कळत नाही. मी लग्न होऊन पुण्याहून आले तेव्हा मला वाटलं होतं, माझी मराठी ऐकून सासूबाई हरखून जातील. त्या, म्हणजे गोजराबाई, म्हणाल्या, "स्वल्प हळू बोल की गं. भांडतीयेस काय असं वाटतंय."

"घाबरू नका अक्का," हणमंतराव म्हणाले. "पोलिसांत तक्रार द्यायची. दोन पेपरांत जाहिरात, एक कन्नड, एक इंग्लिश. मुदत सरली की नोटरीपुढे प्रतिज्ञापत्र. मग सब-रजिस्ट्रारकडून सर्टिफाइड कॉपी. बँकेला पटवू आपण. होतंय सगळं. स्वल्प फिरावं लागतंय, तेवढंच."

पोलीस ठाण्यात हवालदाराने मोडक्या हिंदीत विचारलं, कागद कुठे हरवले? ते माहीत असतं तर मी तुमच्याकडे कशाला आले असते, असं अगदी ओठांवर आलं होतं. त्याने माझ्याकडे न बघता 'प्रवासात' असं लिहून टाकलं. बहुधा सगळ्यांचे कागद प्रवासातच हरवतात.

जाहिरातीचा मजकूर हणमंतरावांनी केला आणि मला मराठीत समजावून सांगितला. अमुक मिळकतीचे मूळ कागद गहाळ झाले आहेत. कुणाचा हक्क किंवा हरकत असल्यास मुदतीत कळवावं. कुणास सापडल्यास खालील पत्त्यावर आणून द्यावेत. आणून देणाऱ्यास योग्य मोबदला दिला जाईल.

"मोबदला कशाला?" मी विचारलं.

"असंच घालतात, अक्का. आणून कोण देतंय?"

पत्ता आमच्या घराचा दिला होता आणि फोन माझा.

३

जाहिरात आली आणि फोन सुरू झाले. जागा विकता का म्हणणारे दलाल, कर्ज हवंय का म्हणणाऱ्या मुली, एक वास्तुतज्ज्ञ, त्याला म्हणे जाहिरात वाचूनच दोष दिसला होता. मी सगळ्यांना एकाच सुरात नाही म्हणत होते. आवाज चढवण्याइतकी ताकद माझ्यात उरली नव्हती.

तो फोन आला तेव्हा मी सब-रजिस्ट्रारच्या कचेरीत रांगेत उभी होते. सर्वर बंद पडला होता. लोक भिंतीला टेकून बसले होते, कुणी डबा उघडला होता, पंखा नुसताच आवाज करत होता.

"सापडलंय," पलीकडून कुणी तरी म्हणालं. बाई की पुरुष ते कळेना. आवाजामागे मोकळ्या जागेवरचा वारा ऐकू येत होता.

"काय सापडलंय?"

"कागद की. पत्ता सरी आहे ना?"

जाहिरात कन्नडात आणि इंग्रजीत होती, आणि हे माणूस माझ्याशी मराठी बोलत होतं, तीही माझ्या सासरची मराठी. तेव्हाच मला काही तरी वाटायला हवं होतं. पण नेमकी त्याच क्षणी खिडकी उघडली आणि रांग हलली.

"पत्ता बरोबर आहे. मी दिवसभर बाहेर असते. घरी माझे मिस्टर आहेत, त्यांच्याजवळ द्या."

"घरीच आहेत काय?"

"घरीच असतात. ते कुठे जाणार?"

मग आवाज म्हणाला, "मोबदला काय?"

एवढा वेळ आवरून धरलेली मी त्या एका शब्दावर फुटले. सकाळपासून पाय दुखत होते, मागचा माणूस पाठीवर रेलत होता, आणि आता हा एक भामटा माझ्याशी सौदा करत होता. "काय हवं ते न्या," मी ओरडले, "पण आणून द्या एकदाचं!"

रांगेतली माणसं वळून बघायला लागली. पलीकडून कुणी तरी शांतपणे "सरी" म्हणालं आणि फोन बंद झाला. संध्याकाळी ब्लॉक करायला म्हणून मी नंबर शोधला, पण तो यादीत दिसला नाही. दलालांच्या गर्दीत कुठे तरी गेला असेल म्हणून मी नाद सोडला.

४

आमची एक किल्ली पहिल्या मजल्यावरच्या आश्लेषाकडे असते. मुंबईची मुलगी, घरून काम करते. दुपारी वर येऊन अजितला भात भरवते आणि मी नको म्हटलं तरी भांडंही विसळून ठेवते. त्या दिवशी मी जिना चढत होते, तर ती दारातच उभी होती.

"काकू, आज कोणी आलं होतं का तुमच्याकडे? मी वर येताना काका बोलत होते."

"टीव्ही असेल."

"टीव्ही बंद होता. आणि काका किती क्लिअर बोलतात! मला वाटायचं त्यांना जमतच नाही. मी आत गेले तर एकदम गप्प."

वर आले. बाल्कनीत एक प्लास्टिकची खुर्ची असते, मी तिच्यावर वाळलेले कपडे टाकते. ती खुर्ची पलंगाजवळ होती. अगदी जवळ, बसणाऱ्याचे गुडघे पलंगाला टेकतील इतकी. कपडे घडी करून पायथ्याशी ठेवलेले. खुर्चीत हात फिरवला तर गार ओल लागली, आणि बोटांना तांबडी माती.

आश्लेषाला फोन केला. खुर्ची तिने आणली नव्हती. कपड्यांना तिने हातही लावला नव्हता.

"अजित, कोण आलं होतं?"

तो खुर्चीकडे बघत होता. ओठांच्या चांगल्या कोपऱ्यात हसू होतं, पाहुणा आवडीचा असला की त्याला यायचं तसं. "बसला," तो म्हणाला.

मी खुर्ची धुऊन पुन्हा बाल्कनीत नेऊन ठेवली.

५

मी काही भोळी बाई नाही. पेशंटला भास होतात, डॉक्टरांनी सांगितलं होतं. कपडे मीच घडी करून विसरले असेन, हल्ली मी गॅसवर दूध ठेवूनही विसरते. ओल म्हणाल तर वरच्या टाकीची गळती जुनी आहे, आणि माती कुंड्यांमधली. सगळ्याला उत्तर होतं. मात्र दुसऱ्या दिवशी खुर्ची पुन्हा पलंगाजवळ होती. तिसऱ्या दिवशीही.

रविवारी कचेऱ्या बंद, म्हणून मी घरीच होते. दुपारी जेवणं झाल्यावर इमारत सुस्तावली. कुणाच्या तरी कुकरची शेवटची शिट्टी झाली आणि मग जिन्यात पावलं ऐकू आली.

अनवाणी पावलं होती, जड. पायऱ्यांची सवय नसलेल्या माणसाची. प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवून मग पुढची. वळणावर थांबायची, दम खायची, पुन्हा सुरू व्हायची. मी पहिल्या मजल्यावर ऐकली, दुसऱ्यावर ऐकली. मी हातातलं निवडणं तसंच धरून बसले होते. पावलं आमच्या दाराशी येऊन थांबली.

बेल वाजली नाही. मी उठून दाराच्या भिंगातून पाहिलं. बाहेर कुणी नव्हतं. समोरच्यांचं बंद दार, त्यांची चपलांची मांडणी, आणि आमच्या दारासमोरची फरशी ओली.

माझ्या पाठीमागून अजित म्हणाला, "या. बसा."

दोन शब्द, स्वच्छ, आजारपणाआधीच्या आवाजातले. मी गर्रकन वळले. तो उशीवर मान टेकून, बाल्कनीतल्या खुर्चीकडे बघत, मधूनमधून मान डोलावत होता. कुणी आपल्याशी बोलत असलं की आपण डोलावतो तशी. खुर्ची बाल्कनीतच होती. सकाळी मी तिचं तोंड रस्त्याकडे करून ठेवलं होतं. आता ते आत होतं.

मी धावत जाऊन त्याचा हात धरला. घाईत उजवा हात हातात आला, तो मेलेला हात, वर्षभरात ज्याचं बोटही हललं नव्हतं. त्याच्या पाचही नखांत तांबडी माती भरली होती. मला इतकी भीती आयुष्यात कधी वाटली नव्हती, अजित पडला त्या दिवशीही नाही.

६

कोमट पाणी आणि कडुलिंबाची काडी घेऊन मी त्याची नखं साफ करायला बसले. हाताला काम दिलं की माझं डोकं जागेवर येतं. "ही माती कुठली, अजित?"

बराच वेळ तो शब्द शोधत राहिला. "आई," तो म्हणाला. मग, "कागद. आईनं पुरले. साइटवर."

माझ्या हातातली काडी थांबली, कारण ते मी पाहिलं होतं. साइटवर भूमिपूजन झालं तेव्हा ईशान्येला खड्डा केला होता. तांब्याचा कलश, नवधान्य, चांदीचा नाग, असं सगळं ठेवल्यावर गोजराबाईंनी पदराखालून पिवळ्या फडक्याची एक पुरचुंडी काढून आत ठेवली आणि स्वतःच्या हाताने माती लोटली. मला वाटलं, असेल काही त्यांच्याकडची रीत. त्या म्हणाल्या, "जागेचं जागेला दिलं. आता ती दुसऱ्या कुणाची होत नाही." मी पुण्याची शहाणी, मनातल्या मनात हसले होते.

त्याच मुहूर्तावर त्यांनी दाराची चौकट उभी केली. इथे घराआधी चौकटीची पूजा करतात. लाकडी चौकट चोर नेतील म्हणून त्यांनी हट्टाने दगडी करून घेतली होती. पुढे बांधकाम सुरू व्हायच्या आत त्या गेल्या, पाठोपाठ बोम्मसंद्र्यातला अजितचा कारखाना बंद पडला, आणि घर राहूनच गेलं. मोकळ्या प्लॉटवर नुसती चौकट. तरी दर दसऱ्याला आम्ही तोरण बांधायला जायचो. अजित दगडावर हात थोपटून आईसारखंच म्हणायचा, "येतो हं राहायला." आजारपणात ते बंद झालं, आणि मी तर ती जागा विकायलाच काढली होती.

मी हणमंतरावांना फोन लावला. "कागद हरवलेलेच नाहीत. सासूबाईंनी भूमिपूजनाच्या खड्ड्यात पुरलेत. आणि परवा मी शपथेवर लिहून देणार की सापडत नाहीत?"

"पुरलेले सापडत नाहीतच की अक्का, खोटं कुठं आहे त्यात?" ते म्हणाले. "इतकी वर्षं मातीत कागद राहतोय होय? आता उकरायला गेलात तर चिखल मिळंल, आणि मुदत पुन्हा पहिल्यापासून. सोडून द्या. गिऱ्हाईक पाया खणताना बघून घेईल."

मी सोडून दिलं. खरं सांगायचं तर मला उकरायची भीती वाटत होती. त्याहून जास्त मी थकले होते. नोटरीपुढे मी सही केली आणि मूळ कागद सापडल्यास ताबडतोब हजर करीन असंही लिहून दिलं.

७

सर्टिफाइड कॉपी मिळाली तो दिवस चांगला होता. कारकून हसून बोलला, सर्वर चालू होता, हणमंतरावांनी मला कॉफी पाजली. शिक्का मारलेला तो गठ्ठा छातीशी धरून मी रिक्षात बसले. वाटेत म्हैसूरपाक घेतला. अजितला गिळायला त्रास होतो, पण कुस्करून दुधात देता आला असता. कितीतरी दिवसांनी मला जिना चढताना दम लागला नाही. वरती जाऊन त्याच्या कानात सांगणार होते, झालं रे, आता खाली.

दार नुसतं लोटलेलं होतं.

पलंगावर अजित नव्हता. चादरीची घडी घातलेली, चारही टोकं जुळवून, जशी दोघांनी दोन बाजू धरल्यावर पडते तशी. घंटी उशीवर. पलंगाजवळ खुर्ची, आणि खुर्चीत पिवळ्या फडक्याची पुरचुंडी. फडकं ओलं होतं, पण आतले कागद कोरडेठाक होते. अजितची सही, शिक्के, सगळं कालच केल्यासारखं. वर कुंकवाचं बोट लागलेलं.

मी घरभर हाका मारल्या. न्हाणीघर पाहिलं, बाल्कनीच्या कठड्यावरून खाली पाहिलं. तेवढ्यात आश्लेषा धावत वर आली. तिचा चेहरा आनंदाने फुलला होता.

"काकू! काका खाली उतरले! मला सांगितलं का नाही तुम्ही? मी कॉलवर होते, दारातून पाहिलं. स्वतःच्या पायांनी उतरत होते, सावकाश, एकेक पायरीवर दोन्ही पाय ठेवून."

"एकटा?"

"नाही, धरलं होतं ना कुणी तरी. मला वाटलं तुमच्या घरचंच कोणी असेल. काका म्हणाले, येतो गं पोरी. इतके हसत होते, काकू."

"कोण होतं? बाई होती की पुरुष?"

तिने तोंड उघडलं आणि तिला सांगता येईना. आनंद हळूहळू तिच्या चेहऱ्यावरून उतरला. "पाठ दिसली फक्त," ती म्हणाली. "पायांना चिखल होता."

कट्ट्यावर तो नव्हता. शहाळेवाल्याने त्याला पाहिलंही नव्हतं. कुठे जायचं ते मला ठाऊक होतं.

८

साइटवर पोचले तेव्हा ऊन कललं होतं, पण उजेड भरपूर होता. दोन्ही बाजूंना आता तीन मजली घरं झाली आहेत. मधे आमची जागा, गुडघाभर काँग्रेस गवत, कुणी तरी टाकलेला राडारोडा, आणि त्यात उभी चौकट.

चौकटीबाहेर अजितच्या चपला होत्या. नवीन घरी गेल्यावर घालायला म्हणून मी आणल्या होत्या, पट्ट्याच्या, अजून पिशवीतूनही न काढलेल्या. दाराबाहेर काढून ठेवाव्या तशा शेजारी शेजारी. मी एक उचलून पाहिली. तळ कोरा होता.

"अजित!"

मागच्या कुंपणाच्या भिंतीवर कुणाचं तरी हिरवं लुगडं वाळत होतं, लांबच लांब. वाऱ्याने ते फडफडत होतं. चौकटीच्या डावीकडे फडफडत होतं, उजवीकडे फडफडत होतं. चौकटीच्या आत जेवढं दिसत होतं, तेवढं मात्र स्वस्थ लोंबत होतं. दगडाने वारा अडत असेल, असं मी स्वतःला सांगितलं. सांगताना मलाच ते पटलं नाही.

मी बघत राहिले. त्या स्वस्थ हिरव्या रंगावरून दोन पाठी सावकाश सरकत गेल्या. एक अजितची, त्याचा तो उसवलेल्या खांद्याचा बनियन मी कुठेही ओळखीन. दुसरीचा हात त्याच्या खांद्यावर होता. मग त्या दगडाआड गेल्या. दगडाआड जागाच नाही. तिथे गवत होतं, आणि मला ते दिसत होतं.

मग तो बोलला. आतून, जवळून, न्हाणीघरातून टॉवेल मागायचा त्या आवाजात. "शुभा, चपला बाहेर काढून ये गं. फरशी नुकतीच पुसलीय."

मी त्या माणसाबरोबर सगळा जन्म काढला. वर्षभर त्याचं सगळं केलं. त्याने मला हाक मारली आणि मी पायातली चप्पल काढू शकले नाही. मी पिवळी पुरचुंडी उंबऱ्याच्या दगडावर ठेवली आणि म्हणाले, "हे परत घ्या. मला नकोत कागद. माझा माणूस द्या." दोनदा म्हणाले, तीनदा म्हणाले. कुणी काही घेतलं नाही. मी नखांनी चौकटीजवळची माती उकरायला गेले, तर ती वर्षानुवर्षं न हललेली, दगडासारखी घट्ट होती.

शेजारच्या घराचा वॉचमन येऊन मागे उभा राहिला. कोण पाहिजे, असं त्याने कन्नडात विचारलं. अंधार पडायच्या आत त्याने मला रिक्षात बसवून दिलं आणि पुरचुंडी आठवणीने माझ्या मांडीवर ठेवली.

९

ठाण्यात तोच हवालदार होता. "चालता येत नव्हतं म्हणता, आणि जिना उतरले म्हणता," तो म्हणाला, पण लिहून घेतलं. दोन पोलीस साइटवर जाऊन आले. मोकळी जागा आहे, म्हणाले. चपला तेवढ्या मला आणून दिल्या.

वेदांत आणि निधी येऊन गेले. निधी माझा हात धरून बसली होती, चांगली मुलगी आहे. ओरिजिनल मिळालंय हे हणमंतरावांनी त्यांना सांगितलं होतं. सावकाश करू काकू, असं दोघंही म्हणाले, पण पहिल्याच दिवशी जेसीबी लावून ती चौकट काढायची आहे, हे त्यांनी मला कधीच सांगितलेलं होतं. मी व्यवहार मोडला. बोम्मसंद्र्याचं घर गेलं. आता तिथे कुणाला न्यायचं होतं मला?

पुन्हा ठाण्यात गेले तेव्हा हवालदाराने मला बसायला खुर्ची दिली. "पेपरात द्या, अम्मा," तो म्हणाला. "फोटो घाला. घरचा पत्ता, फोन. आणि आणून देणाऱ्यास योग्य मोबदला, हे लिहा. त्याशिवाय कुणी बघत नाही."

मजकूर हणमंतरावांनीच केला. या वेळी ते मला समजावून सांगत बसले नाहीत.

जाहिरात आज आली. मी कुठे गेले नाही. आंबील केली, एकटीने प्यायले, भांडं घासलं. दुपारी इमारत सुस्तावली आणि फोन वाजला. पलीकडे वारा होता.

"सापडलंय. पत्ता तोच काय?"

"तोच," मी म्हणाले.

"मोबदला काय?"

मी पलंगाकडे पाहिलं. त्या चादरीची घडी मी अजून मोडलेली नाही. पायथ्याशी अजितच्या चपला आहेत, तळ कोरा असलेल्या. आश्लेषाकडची किल्ली मी सकाळीच मागून घेतली होती.

"काय हवं ते न्या," मी म्हणाले. या वेळी मी चिडले नव्हते.

"सरी," आवाज म्हणाला.

मग मी उठले, दाराची कडी काढली, पायातल्या चपला उंबऱ्याबाहेर काढून ठेवल्या, आणि बाल्कनीतली खुर्ची आत आणून पुसून ठेवली.